डावीकडे जयमाला होती

वडील दारूगोळा कारखान्यात. खडकीचा भोंगा झाला
की ते सायकल काढत आणि मी बूट.
एकदाच आले ग्राउंडवर, कुंपणाबाहेरूनच बघितलं,
रात्री ताटावर म्हणाले,
"पळायचं पुढं आन् बॉल द्यायचा मागं,
ह्याला खेळ म्हणत्यात का संसार?"
आई हसली. मला हसता येईना,
ओठाला तीन टाके होते.

कबड्डीतून आलेली मी. मांड्या तयार, दम तयार,
फक्त हातात काही धरायची सवय नव्हती.
हवालदार पोन्नप्पांनी तो लांबोडका चेंडू
पहिले बारा दिवस दिलाच नाही.
"पहिले पडायला शिक," त्यांच्या त्या कूर्गी मराठीत,
"पडतो तो माणूस मोकळा पायजे."
बारा दिवस पडत होते
बोपोडीच्या मुरमाड मैदानावर,
खांदा, मग कूस, मग कुल्ला,
हनुवटी छातीला,
आणि घरी अंघोळीचं पाणी मोरीतून जाताना बघायचे,
तपकिरी, मग तांबूस.

मग नऊ वर्षं.
पुरुषांच्या मापाच्या जर्सी, धर्मशाळेच्या सतरंज्या,
केळी आणि ग्लुकोज.
डावा कान सुजून असा घट्ट झाला
की आत्या म्हणाली, आता झुमका कुठं अडकवायचा हिला.
वीस किलो जड बाईला आडवं करायचे मी
कमरेखाली धरून, गाल तिच्या मांडीला,
डोळे उघडे.
मिटले की दात जातो. एक गेला.

भुवनेश्वरची फायनल कुणाला आठवत नाही.
शेवटचं मिनिट, चार गुणांनी मागे,
माझ्या पुढ्यात दोघी, त्यांच्या मागे चुन्याची रेघ.
डावीकडे जयमाला होती. मोकळी. माझं नाव ओरडत.
मी ऐकलं.
हे अजून कुणाला सांगितलं नाही, की मी ऐकलं.

रेघेच्या वीतभर अलीकडे पडले.
शिकवल्याप्रमाणे पडले, खांदा, कूस.
गुडघा तेवढा शिकलेला नव्हता.
शेवग्याची शेंग मोडावी तसा आतून वाजला.

आता गळ्यात शिट्टी. सोळा वर्षं.
मुळेचा वास आला की समजायचं, वारा दापोडीकडून.
फक्की मीच मारते. रेघ सरळ लागते मला.
आणि ओरडते. दे! बाजूला बघ! दे!
पोरी बसस्टॉपवर माझी नक्कल करतात,
"दे गं बाई, दे," जसं काही उसने पैसे मागतेय.
मागतेच आहे.

जर्सीवरचे आकडे जयमाला शिवते.
दापोडीत तिचं ब्लाउजचं दुकान, शटर निळं.
त्या दिवसाबद्दल बोलत नाही.
पैसे मोजून घेते, दोऱ्याचे वेगळे.
सातचा आकडा तेवढा दुहेरी शिलाईचा येतो.
तो तिचा होता. मी विचारलेलं नाही.

परवा जिल्ह्याची मॅच, पुन्हा तसलंच मिनिट.
अल्फियाकडे चेंडू, पुढ्यात दोघी.
तिनं बाजूला बघितलं.
दिला. नीट, मागं, छातीच्या उंचीला.
सात नंबरच्या पोरीच्या बोटांवरून निसटला,
आपटला, आणि कुत्र्याच्या पिल्लासारखा
भलतीकडेच उडत गेला.
हरलो.

अल्फिया आली, नाकातोंडात माती,
"मॅडम, मी दिला ना. तुम्ही म्हणता तसाच दिला."
सोळा वर्षं माझं गणित सरळ होतं,
दिला असता तर जिंकलो असतो.
तिच्यासमोर काही सुचेना.
तिच्या बुटाची नाडी सुटलेली. वाकून बांधावी म्हटलं
तर गुडघा वाकेना, म्हणून खालीच बसले,
रेघेवर, फक्कीत.

कुंपणापाशी जयमाला होती. बिलाला आली असेल.
आत आली, सात नंबरची बाही चाचपली,
"उसवलीय. उद्या आण दुकानात."
पोरगी म्हणाली, मावशी, माझ्या हातातून सुटला.
जयमालानं लोंबणारा दोरा दातानं तोडला.
"ओला होता," म्हणाली. आणि माझ्याकडे बघितलं,
किंवा माझ्या मागे,
जिथं पोरी बाटल्या गोळा करत होत्या.